वाचक विचारतात : फ्रँकोच्या राज्यात असले पिक्चर निघालेच कसे?

मागच्या अंकात मी 'एल वेर्दुगो', म्हणजे 'जल्लाद', या १९६३ च्या स्पॅनिश पिक्चरबद्दल सहज चार ओळी टाकल्या होत्या, आणि आता आलेल्या पत्रांत निम्मी स्पेनबद्दलचीच. बरं वाटलं. ज्यांनी ते वाचलं नाही त्यांच्यासाठी एवढंच, की स्पेनमध्ये १९३६ ते १९३९ यादवी युद्ध झालं, ते जनरल फ्रँकोनं जिंकलं आणि मग १९७५ मध्ये मरेपर्यंत तोच खुर्चीवर. खालचे बहुतेक प्रश्न त्याच काळातले आहेत.

प्रश्न : ताई, तुम्ही लिहिलं म्हणून हॉस्टेलवर आम्ही सगळ्यांनी मिळून लॅपटॉपवर 'एल वेर्दुगो' बघितला. लई भारी आहे. पण एक कळेना, हुकूमशाही चालू, सेन्सॉर चालू, आणि सरकारच्याच जल्लादावर पिक्चर? सेन्सॉरवाले झोपले होते का? आम्ही एकांकिका करतो म्हणून विचारतोय.
– इंजिनिअरिंगचा विद्यार्थी, केगाव

झोपलेले नव्हते रे, चांगले जागे होते, तरी निघाला हीच तर गंमत आहे.

तू एकांकिका करतोस म्हणजे तुला अर्धं माहीतच आहे, संहिता परिनिरीक्षण मंडळाकडं पाठवायची आणि सर्टिफिकेट येईपर्यंत देवाचं नाव घेत तालमी करायच्या. स्पेनमध्ये पिक्चरवाल्यांचं तसंच, फक्त फेऱ्या जास्त. आधी स्क्रिप्ट द्यायची, ती पास झाली तर शूटिंगचं परमिट, मग तयार पिक्चर परत बोर्डापुढं, मग ते सांगणार हा सीन काढा, तो डायलॉग बदला. तेवढ्यावर पण संपत नव्हतं, पिक्चरला वरचा-खालचा दर्जा द्यायचे आणि त्या दर्जावर सरकारी पैसा ठरायचा, म्हणजे उघड बंदी घालायची गरजच नाही, खालच्या वर्गात ढकलला की निर्माता आपोआप गार. बोर्डावर सरकारी माणसं, पक्षाची माणसं आणि पाद्री, आणि पाद्रीबाबाच्या शब्दाला वजन मोठं.

आणि डोकं फिरवणारी गोष्ट म्हणजे १९६३ पर्यंत काय चालेल आणि काय नाही याचे नियम लिहून जाहीरच केलेले नव्हते. माणूस बघून, हवा बघून निकाल. या पिक्चरचा दिग्दर्शक बर्लांगा स्वतः एक किस्सा नेहमी सांगायचा, की स्क्रिप्टमध्ये नुसतं लिहिलं होतं 'माद्रिदच्या ग्रान व्हिया रस्त्याचा लाँग शॉट', तर बोर्डावरचा एकजण म्हणाला, हा बर्लांगा आहे, हा त्या शॉटमध्ये नाइटक्लबातनं बाहेर पडणारे बिशप पण दाखवेल! म्हणजे रिकामा रस्ता लिहिला तरी संशय.

मग 'एल वेर्दुगो' सुटला कसा? एक तर वेळ. १९६२ मध्ये मानुएल फ्रागा माहिती आणि पर्यटन मंत्री झाला. माहिती आणि पर्यटन, दोन्ही एकाच खात्यात, यावरनंच ओळख काय चाललं होतं ते. परदेशी टुरिस्ट यायला लागलेले, युरोपच्या कॉमन मार्केटचं दार त्याच वर्षी ठोठावलेलं, त्यामुळं जगाला दाखवायला थोडा मोकळा चेहरा पाहिजे होता. फ्रागानं सिनेमा खात्यावर गार्सिया एस्कुदेरो नावाचा अधिकारी बसवला, हा त्यातल्या त्यात सिनेमा कळणारा माणूस, लेखी नियम पण त्याच्याच काळात आले. त्यात आत्महत्या, घटस्फोट, गर्भपात, व्यभिचार यांचं समर्थन चालणार नाही, चर्च आणि राज्यप्रमुखाविरुद्ध काही चालणार नाही, अशी लांबलचक यादी, पण निदान यादी तरी. दुसरं म्हणजे पिक्चर इटलीबरोबर भागीदारीत, हिरो निनो मान्फ्रेदी इटालियन, मग आडकाठी केली की बाहेर बोभाटा. आणि तिसरं, माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचं, कागदावर ही चक्क घरगुती कॉमेडी आहे. अंत्यसंस्काराच्या कंपनीत काम करणारा एक पोरगा, म्हाताऱ्या जल्लादाच्या पोरीशी जमतं, लग्न करावं लागतं, राहायला घर नाही, सासऱ्याला सरकारी फ्लॅट मंजूर झालाय पण तो रिटायर होणार म्हणजे फ्लॅट पण जाणार, मग जावयानं सासऱ्याची नोकरी घ्यायची, नावापुरती, प्रत्यक्ष वेळ आली की राजीनामा देऊ म्हणून. बस. यात कापायचं काय? फ्लॅटच्या नादात माणूस कुठं जाऊन पोचतो ते कागदावर दिसतच नाही, पडद्यावर दिसतं.

तो गुहेतला सीन आठव. मायोर्कात नवरा-बायको हनिमूनला आल्यासारखे फिरतायत, गुहेत पाण्यावर नावेतनं संगीत वाजवत वादक चाललेत, टुरिस्ट लोक माना डोलवतायत, आणि मागनं दुसऱ्या नावेत दोन पोलीस, भोंगा तोंडाला लावून हळू आवाजात त्याचं नाव पुकारतायत. नोकरीचा बुलावा आला. हसायचं का काय करायचं कळत नाही. आणि शेवटचा तो पांढरा मोकळा हॉल, भिंती पांढऱ्या, पलीकडच्या टोकाला छोटंसं काळं दार, कॅमेरा लांब आणि उंचावर. पुढं कैद्याला घेऊन चाललेले लोक, मागं जल्लादाला ओढत नेणारे लोक. कैदी बरा चालतोय, जल्लादाचेच पाय लटपटतायत. एक डायलॉग नाही त्यात सरकारविरुद्ध.

आपलं सोलापूर चार हुतात्म्यांचं. फाशी म्हटलं की आपल्याला १२ जानेवारी १९३१ आठवते, फासावर गेलेली ती चार नावं आठवतात, चौकातनं रोज जाता-येता दिसतात. त्या दिवशी दोर ओढणारा कोण होता, त्याला पगार किती होता, त्याचं घर कुठं होतं, हे आपण कधी विचारतो? बर्लांगा आणि त्याचा लेखक राफाएल आस्कोना यांनी नेमकं ते विचारलं. राज्य स्वतःच्या हातानं मारत नाही, कर्जबाजारी, घर नसलेला एक साधा माणूस पुढं करतं.

तरी कात्री लागलीच. स्पेनमध्ये देहदंड म्हणजे गॅरोट, गळ्याभोवती लोखंडी पट्टी आणि मागनं स्क्रू पिळायचा. म्हातारा ती हत्यारं बॅगेत घेऊन फिरतो, तर बॅगेतल्या लोखंडाचा खळखळ आवाज सेन्सॉरनं काढायला लावला. चित्र ठेवा, आवाज काढा! कुठं दुखतंय ते बरोबर कळलं होतं त्यांना.

खरा दणका नंतर बसला. त्याच वर्षी एप्रिलमध्ये हुलियान ग्रिमाऊ या कम्युनिस्ट नेत्याला गोळ्या घातल्या आणि ऑगस्टमध्ये दोन अराजकवाद्यांना गॅरोटनं मारलं, आणि लगेच पिक्चर व्हेनिस फेस्टिव्हलला! रोममधला स्पेनचा राजदूत सांचेस बेया खवळला, देशाची बदनामी करणारा पिक्चर आहे म्हणून परराष्ट्रमंत्र्याला लांब पत्र लिहिलं. पिक्चरला तिथं समीक्षकांचं बक्षीस मिळालं, घरी मात्र अजून कापाकापी झाली. आणि तो राजदूत १९६९ मध्ये कुठला मंत्री झाला माहितीय? माहिती आणि पर्यटन.

प्रश्न : ताई, माझा भाचा म्हणतो की स्पेनमध्ये एका इंग्लिश पिक्चरात डबिंग करताना नवरा-बायकोला बहीण-भाऊ करून टाकलं. हे खरं का थापा मारतोय?
– एक काकू, अशोक चौक

खरंय काकू, भाच्याला शाबासकी द्या. पिक्चर 'मोगॅम्बो', १९५३ चा, जॉन फोर्डचा. आपला तो खुश होणारा मोगॅम्बो नव्हे हो. यात ग्रेस केली नवऱ्याबरोबर आफ्रिकेत येते आणि शिकारी क्लार्क गेबलच्या प्रेमात पडते. लग्न झालेली बाई परक्याच्या प्रेमात म्हणजे व्यभिचार, ते स्पेनमध्ये दाखवायचं नाही, मग डबिंगमध्ये नवऱ्यालाच तिचा भाऊ करून टाकला. झालं काय, की पडद्यावर हे बहीण-भाऊ एका तंबूत राहतायत, लाडीगोडी चाललीय, आणि प्रेक्षक तोंडात बोट घालून बसलेत. व्यभिचार टाळायला गेले आणि त्याहून भयंकर काहीतरी दाखवून बसले.

हे करता आलं कारण १९४१ मध्ये फ्रँको सरकारनं हुकूमच काढला की परदेशी पिक्चर स्पॅनिशमध्ये डब केल्याशिवाय लावायचा नाही. सक्ती पुढं सैल झाली पण सवय राहिली. 'कासाब्लांका'त हिरो पूर्वी स्पेनच्या युद्धात फ्रँकोच्या विरुद्ध बाजूनं लढलेला असतो, तो उल्लेख पण स्पॅनिश डबिंगमध्ये गायब. तुमच्या पूर्व भागात तेलुगू पिक्चर तेलुगूतच लागतात आणि त्यांचं हिंदी डबिंग टीव्हीवर चालू असतं, त्यामुळं डबिंगवाल्यानं काय गडबड केली ते तुमच्याकडं शाळकरी पोरगं पण पकडतं. तिकडं बहुतेकांना मूळ आवाज ऐकायलाच मिळायचा नाही, मग पकडणार कोण.

अजून एक मेख होती. परदेशी पिक्चर आणायचं, डब करायचं लायसन्स कुणाला द्यायचं, तर जो स्पॅनिश पिक्चर काढेल त्याला, आणि सरकारला पिक्चर जेवढा पसंत तेवढी लायसन्स जास्त. त्यामुळं कितीतरी निर्माते सरकारला खुश करणारे पिक्चर काढायचे ते फक्त हॉलिवूडच्या लायसन्ससाठी, मग ती लायसन्स विकून पैसा. पिक्चर चालला काय, पडला काय.

प्रश्न : मी पूर्वी टॉकीजमध्ये मशीनवर होतो. आमच्याकडं पिक्चरच्या आधी फिल्म्स डिव्हिजनची न्यूजरील लावणं कंपल्सरी असायचं, पब्लिक तेवढ्यात बाहेर शेंगा खाऊन यायचं. तिकडं पण असं काही होतं का?
– एक जुने ऑपरेटर, शुक्रवार पेठ

होतं तर काका, तुमच्यापेक्षा कडक होतं. 'नो-दो' नाव त्याचं, जानेवारी १९४३ पासून प्रत्येक थिएटरमध्ये सक्तीचं, आणि न्यूजरील काढायचा हक्क फक्त त्यांनाच, दुसऱ्या कुणी बातमीचा कॅमेराच चालवायचा नाही. फ्रँको गेला त्या वर्षापर्यंत सक्ती चालली. त्यात काय, तर फ्रँकोनं धरणाचं उद्घाटन केलं, फ्रँकोनं अजून एका धरणाचं उद्घाटन केलं. लोकांनी त्याला बेडूक नाव ठेवलं होतं, या धरणावरनं त्या धरणावर उड्या मारतो म्हणून. बाकी फुटबॉल, बैलांच्या झुंजी, फॅशन. संप, मोर्चे, तुरुंग यातलं काही नाही. स्पेनच्या त्या काळाचं हलतं चित्र आज शोधायला गेलं की मुख्यतः हेच सापडतं, हा खरा तोटा.

प्रश्न : नमस्कार. तुमचे लेख वाचतो, पण एक मुद्दा तुम्ही टाळता. बंधन असलं की कलावंताला डोकं चालवावं लागतं. स्पॅनिश दिग्दर्शक बुन्युएलच्या 'विरिदियाना' या पिक्चरचा शेवट सेन्सॉरमुळंच सुधारला असं खुद्द त्यानंच म्हटलंय. आज ओटीटीवर सगळं मोकळं आहे आणि म्हणूनच त्यात दम नाही. मग सेन्सॉरचे आभारच मानायला नकोत का?
– निवृत्त शिक्षक, जुळे सोलापूर

नमस्कार सर. हा मुद्दा कट्ट्यावर फार लोकप्रिय आहे, त्यामुळं जरा सविस्तर.

शेवटाचं तुम्ही म्हणता ते बरोबर. मूळ स्क्रिप्टमध्ये मठ सोडून आलेली विरिदियाना रात्री चुलतभावाच्या खोलीचं दार वाजवते, आत जाते, दार बंद. सेन्सॉर म्हणाला छे छे. मग बुन्युएलनं काय केलं, आत मोलकरीण आधीच बसलेली दाखवली, चुलतभाऊ विरिदियानाला म्हणतो बस, आणि तिघं मिळून पत्ते खेळायला लागतात. एकाच्या जागी दोन बायका! सेन्सॉरनं हे पास केलं. बुन्युएल पुढं आयुष्यभर हसत हसत त्यांचे आभार मानायचा, पण सर, ते आभार टोमणा होते हो.

आणि पुढची गोष्ट पण सांगायला पाहिजे ना. १९६१ मध्ये हा पिक्चर कान फेस्टिव्हलला गेला, सगळ्यात मोठं बक्षीस विभागून मिळालं, स्पेनच्या सिनेमा खात्याचा प्रमुख मुन्योस फोंतान स्वतः स्टेजवर जाऊन घेऊन आला. लगेच व्हॅटिकनच्या पेपरनं हा ईश्वरनिंदेचा पिक्चर म्हणून झोडपलं, कारण त्यात भिकारी जेवणाच्या टेबलावर येशूच्या शेवटच्या भोजनाच्या चित्रासारखे बसतात. माद्रिदमध्ये धावपळ. फोंतानची नोकरी गेली, पिक्चरवर बंदी, पिक्चर स्पॅनिश आहे हे सुद्धा नाकारलं, निर्मिती करणारी युनिन्सी ही कंपनी संपली. स्पेनच्या लोकांना तो थिएटरात बघायला मिळाला १९७७ मध्ये. सुधारलेला शेवट सोळा वर्षं स्पेनमधल्या थिएटरात कुणी बघितलाच नाही, मग त्या सुधारणेचं काय लोणचं घालायचं?

बर्लांगाचा १९५७ चा पिक्चर घ्या, 'गुरुवारी चमत्कार' असं त्याचं नाव मराठीत होईल. एका ओस पडलेल्या स्नानाच्या गावात लोक धंदा वाढावा म्हणून खोटा चमत्कार घडवतात. विषय बघा किती झकास. यात एका पाद्रीबाबानं एवढे बदल सुचवले, एवढे सुचवले, की सहलेखक म्हणून पाद्रीचं नाव टायटलमध्ये टाकतो असं बर्लांगा म्हणायला लागला. आज तो पिक्चर बघताना पहिला अर्धा भाग एका माणसाचा आणि उरलेला दुसऱ्याचा वाटतो. डोकं चालवून चालवून पण काही वेळा हरतोच की माणूस.

त्याच काळातला दिग्दर्शक हुआन अंतोनियो बार्देमला विचारा. १९५५ मध्ये सालामांका शहरात सिनेमावाल्यांची परिषद भरली, तिथं त्यानं आपल्याच देशाच्या सिनेमाबद्दल निकाल दिला, की तो राजकीयदृष्ट्या निकामी, सामाजिकदृष्ट्या खोटा, बौद्धिकदृष्ट्या हलका, कलेच्या बाबतीत शून्य आणि धंदा म्हणून मरतुकडा आहे. हे बंधनात राहणाऱ्या माणसाचं मत आहे, तुमच्या-माझ्यासारख्या लांबनं बघणाऱ्याचं नाही. पुढच्याच वर्षी पिक्चरचं शूटिंग चालू असताना त्याला अटक झाली. त्याच्या 'सायकलस्वाराचा मृत्यू'मध्ये नवऱ्याला फसवणारी बाई शेवटी मेलीच पाहिजे, कारण तसं केल्याशिवाय पास नाही.

आणि हसू नका, फ्रँको साहेबांचा स्वतःचा पिक्चर पण कात्रीतनं सुटला नाही! १९४२ चा 'रासा', टोपणनाव घेऊन कथा खुद्द फ्रँकोनं लिहिलेली. त्यात हात ताठ करून सलाम बिलाम जोरात. मग हिटलर हरला, अमेरिकेशी गोड बोलायची वेळ आली, तर १९५० मध्ये तोच पिक्चर नाव बदलून, सलाम कापून, अमेरिकेला टोचणारे डायलॉग पुसून, नवीन डबिंग करून परत लावला. यातनं कुणाची कला सुधारली?

आपण बर्लांगा, बुन्युएल, साउरा एवढीच नावं घेतो कारण तेवढेच फटीतनं बाहेर आले. ज्याची स्क्रिप्ट पहिल्याच फेरीत परत आली, ज्यानं 'हे काय पास होणार नाही' म्हणून टेबलावरच विषय सोडून दिला, त्याचं नाव तुम्हालाही माहीत नाही आणि मलाही. कार्लोस साउराच्या मागं एलियास केरेहेतासारखा चिवट निर्माता होता म्हणून त्याचं निभावलं, आणि तरी १९७४ ला त्याच्या 'ला प्रिमा आंखेलिका'वर सेन्सॉरनं नाही तर रस्त्यावरच्या लोकांनी राग काढला, बार्सिलोनातल्या थिएटरला आग लावली. कारण काय, तर त्यात फ्रँकोच्या बाजूच्या एका माणसाचा हात मोडतो आणि प्लास्टर नेमकं सलाम ठोकल्यासारखं वर घातलेलं असतं. सीन बघाच सर, हसू आवरणार नाही.

ओटीटीवर दम नाही हे मात्र मान्य. पण त्याला कारणं वेगळी आहेत.

प्रश्न : मग हे सगळं संपलं कधी? फ्रँको मेला त्या दिवशी?
– विजापूर रोड

नाही. तो गेला नोव्हेंबर १९७५ ला, सेन्सॉर कायद्यानं गेला नोव्हेंबर १९७७ ला. त्याच्या आधी लोक सरळ बॉर्डर ओलांडून फ्रान्समधल्या पेर्पिन्यां गावाला जायचे, बंदी असलेले पिक्चर बघून परत यायचे. आणि कायदा गेल्यावर पण बघ, पिलार मिरो या दिग्दर्शिकेनं १९७९ मध्ये 'एल क्रिमेन दे क्वेन्का' काढला, जुनी खरी केस, दोन गरीब माणसांना पोलिसांनी मारून मारून खुनाचा कबुलीजबाब घेतला आणि ज्याचा खून झाला म्हणत होते तो माणूस नंतर जिवंत सापडला. पोलिसांची बदनामी म्हणून पिक्चर जप्त, आणि बाईवर लष्करी कोर्टात खटला, लोकशाही आल्यावर! १९८१ मध्ये पिक्चरची सुटका झाली.

प्रश्न : ताई, मला आई-पप्पांबरोबर बघता येईल असा एकच सांगा. त्यांना इंग्लिश सबटायटल भराभर वाचता येत नाहीत.
– सात रस्ता

बर्लांगाचा 'वेलकम मिस्टर मार्शल', १९५३. अमेरिकन मदत घेऊन साहेब लोक येणार म्हणून एक साधं गाव रातोरात सजतं, दक्षिणेकडच्या नाचगाण्याच्या गावासारखं सोंग घेतं, कारण अमेरिकेला स्पेन म्हणजे तेवढंच माहीत, आणि प्रत्येकजण रांगेत उभा राहून आपल्याला काय पाहिजे ते लिहून देतो. मंत्री यायच्या आधी रस्ता धुऊन कमानी लावणाऱ्या देशात हे समजवायला सबटायटल लागत नाही. बहिऱ्या सरपंचाचं गॅलरीतलं भाषण तर पप्पांना नक्की आवडेल, तेच ते वाक्य फिरवून फिरवून बोलतो आणि शेवटपर्यंत काही सांगत नाही. गाणीपण आहेत, कारण मुळात निर्मात्यांना एका गायिकेसाठीच पिक्चर पाहिजे होता.

एरिसेचा 'स्पिरिट ऑफ द बीहाइव्ह' त्यांच्याबरोबर लावू नकोस, तो फार सुंदर आहे पण हळू आहे, पप्पा घोरायला लागतील. तो तू एकटीच बघ. आणि 'मार्शल'मध्ये सुरुवातीला निवेदक बराच बोलतो, गाव ओळखीचं करून देताना मध्येच चित्र थांबवतो, तेवढं तू पॉज करून आईला मराठीत सांग, पुढचं त्यांचं त्यांना कळतं.